बीपीची मशीन घेतली अन् घरातलं सगळं बाहेर आलं

मेडिकल चौकाजवळच्या एका सर्जिकलवाल्याकडून 1850 ला घेतली, दंडाला पट्टा बांधायची डिजिटल. मनगटाची स्वस्त होती, पण डॉक्टर म्हणे दंडाचीच घ्या. मे महिन्यापासून वापरून राहिलो.

मशीन चांगली आहे, आकडे मोठे, चष्मा लागत नाही, चार पेन्सिल सेलवर चालते. पण सोबतचा पट्टा बारीक दंडाचा, माझ्या दंडाला जेमतेम पोचतो, अन् पट्टा लहान पडला की रीडिंग उगाच जास्त येतं. मोठ्या पट्ट्याचे वेगळे 600 गेले, हे दुकानदाराने आधी सांगायला नको का? डोकं सटकलं होतं, पण "ठीक आहे भाऊ" म्हणून आलो. एक स्टार तिथेच कापला.

ही "ठीक आहे भाऊ"ची सवय मशीनने बरोबर पकडली. सकाळी 126/82. संध्याकाळी बुटीबोरीहून वर्धा रोडने यायचं, 45 डिग्रीत, घरी आलो तर गेटसमोर शेजाऱ्याची गाडी आडवी, मी रोजच्यासारखं "राहू द्या राहू द्या, मी लावतो पुढे"... 148/94. अन् हे सगळं नियम पाळून बरं का, अर्धा तास आधी चहा नाही, पाच मिनिटं गप बसून, पाय जमिनीला टेकवून. घरी मोजलेलं 135/85 च्या वर सारखं येत असेल तर डॉक्टरला दाखवायचं असते, दाखवलं, गोळी सुरू झाली. ऑफिसात मला शांत माणूस म्हणतात. कसला शांत बाप्पा!

एका रविवारी पट्टा फुगून राहिला होता अन् साहेबांचा फोन. "हो सर, होऊन जाईल सर." 163/98. बोलताना आकडा वाढतोच, तो धरायचा नसते, पण बायकोने स्क्रीन पाहिली अन् म्हणे, आवाज तर किती गोड होता तुमचा.

मशीनमध्ये दोन जणांची मेमरी आहे, दुसरं बटण रिकामंच होतं. परवा तिला म्हटलं तू पण लाव. मला काय झालं, म्हणे. लावली तर 152/96. मिनिटभराने परत घेतलं, 150. दोघंही मशीनकडे पाहत बसलो.

मग म्हणे, "त्या गाडीवाल्याला तुम्ही सांगता का मी जाऊ?"