मेंदूचा साधा एमआरआय: डाग दिसतो, पण कसला?

दरपत्रकावर ‘एमआरआय ब्रेन, प्लेन’ म्हणून जे असतं, ते म्हणजे इंजेक्शनाशिवायचा वीस-तीस मिनिटांचा स्कॅन. अर्धांगवायूच्या शंकेसाठी तो उत्तम. रक्तपुरवठा तुटलेला भाग डिफ्युजन सिक्वेन्सवर (पाण्याच्या कणांची हालचाल टिपणाऱ्या चित्रांवर) पहिल्या काही तासांतच पांढरा दिसतो, तेव्हा सीटी बऱ्याचदा कोराच असतो. तोच भाग त्यावरूनच काढलेल्या एडीसी या जोडचित्रावर काळा असेल, तर इजा ताजी. पण तोंड वाकडं झालंय, हात पडलाय, अशा वेळी सेंटर शोधत बसू नये. थेट हॉस्पिटल गाठावं. तिथे बहुधा आधी सीटीच काढतात, कारण रक्तस्राव नाही ना, हे अगोदर कळायला हवं.

पहिल्यांदाच फिट आलेल्या माणसाला मात्र हे पॅकेज अपुरं पडतं. आपल्याकडे अशा पेशंटमध्ये सापडणारी छोटी गाठ पुष्कळदा फीतकृमीची असते किंवा क्षयाची. कॉन्ट्रास्ट (शिरेतून द्यायचं, चित्र उजळवणारं इंजेक्शन) दिल्यावर दोन्ही कडीसारख्या उजळतात. 20 मिमीपेक्षा लहान, गोल, आत कृमीच्या डोक्याचा ठिपका: कृमीकडे कल. मोठी, वेडीवाकडी, भोवती जास्त सूज, स्पेक्ट्रोस्कोपीत (गाठीतली रसायनं मोजणाऱ्या एमआरआयच्या तपासणीत) लिपिडचा, म्हणजे चरबीचा, उंचवटा: क्षयाकडे. क्षयाची औषधं कित्येक महिने घ्यावी लागतात, त्यामुळे इथे अंदाजपंचे चालत नाही. शिवाय 5 मिमी जाडीच्या कापांत तो ठिपका हरवतो. 1 मिमीचा थ्रीडी सिक्वेन्स मागा. त्यात डोकं जरासं हललं तरी चित्र फाटतं. तसं झालं तर तो भाग पुन्हा घ्यायला लावा.

कॉन्ट्रास्टच्या इंजेक्शनात असतं ते गॅडोलिनियम. त्याची नेहमीची मात्रा किलोमागे 0.1 मिलिमोल, म्हणजे 60 किलोच्या माणसाला 0.5 मोलरचं साधारण 12 मिली. किडनीचा त्रास असेल तर क्रिएटिनिनची रक्ततपासणी आधी करून घ्या. ईजीएफआर (किडनीच्या गाळण्याचा त्यावरून काढलेला अंदाज) 30 च्या खाली असल्यास डॉक्टरांशी बोलल्याशिवाय इंजेक्शन नको.

रिपोर्टातल्या ‘नॉन-स्पेसिफिक हायपरइंटेन्सिटीज’ (नेमकं कारण न सांगणारे पांढरे ठिपके) या शब्दांनी घरोघरी झोप उडते. साठीनंतर असे पांढरे ठिपके सर्रास दिसतात. बीपी, मधुमेह, धूम्रपान, कधी मायग्रेन, ही त्यामागची नेहमीची मंडळी. फाझेकास श्रेणी (0 ते 3) दिली असेल तर ते किती आहेत याचा अंदाज येतो. तरुण पेशंटमध्ये ते व्हेंट्रिकलला (मेंदूतल्या द्रवाच्या पोकळीला) लागून काटकोनात, कॉर्टेक्सला (मेंदूच्या बाहेरच्या थराला) चिकटून किंवा ब्रेनस्टेममध्ये (मेंदूच्या देठात) असतील, तर मल्टिपल स्क्लेरोसिसचा (नसांवरचं आवरण झिजवणाऱ्या आजाराचा) विचार होतो आणि मणक्याचाही स्कॅन लागतो. जागा, आकार, संख्या यांपैकी काहीच न लिहिलेला रिपोर्ट परत पाठवावा. असे रिपोर्ट भरपूर निघतात.

‘3 टेस्ला’ (यंत्राच्या चुंबकाची ताकद) या पाटीला फार भुलू नये. चिठ्ठीवर नुसतं ‘एमआरआय ब्रेन’ न लिहिता ‘पहिली फिट, डावा हात’ असं लिहून आणलं, तर 1.5 टेस्लावरही काम नीट होतं.

चुंबकाजवळ धातू नको, म्हणून जोडवी घरीच साबण लावून काढावीत. पेसमेकर किंवा मेंदूतली क्लिप असेल, तर अपॉइंटमेंट घेतानाच सांगावं.

अर्धांगवायूसाठी प्लेनला पाचपैकी साडेचार, फिटसाठी दोन. फिल्मवर भागवू नका, डायकॉमची (मूळ डिजिटल चित्रांची) सीडी घ्याच. तीन-सहा महिन्यांनी गाठ वाढली की आटली, हे त्यावरूनच मोजलं जातं.