परमिटच्या अपिलाचे वकील: पाचपैकी साडेतीन स्टार

नाव लिहीत नाही. मिरजेतलं ऑफिस आहे एवढंच सांगतो.

अण्णा गेले तेव्हा रिक्षाचं परमिट त्यांच्याच नावावर होतं. परमिटधारक वारला की 30 दिवसांत कळवायचं आणि 3 महिन्यांच्या आत परमिट नावावर करून घ्यायचा अर्ज टाकायचा, हे मला ठाऊकच नव्हतं. वर्षश्राद्ध उरकून अर्ज केला. नामंजूर. तो आदेश पाकिटासकट कपाटात ठेवला, कारण एजंट म्हणाला, "मी बघतो." सात महिने तो बघतच होता, तोवर अपिलाची मुदत उलटून गेली.

वकिलांनी आधी केस ऐकलीच नाही. "पाकीट आणलंय?" पोस्टाचा शिक्का ट्यूबलाइटखाली धरून वाचला. मग कारकुनाने फुलस्केपवर तीन रकाने आखले: तारीख, काय केलं, पुरावा काय. तिसरा बहुतेक कोराच राहिला. मी म्हटलं, आजारी होतो असं लिहू, सर्टिफिकेट मिळतं. त्यांनी पेनाला टोपण लावलं. "त्या महिन्यांत दुसऱ्याची रिक्षा चालवत होता ना? अख्खा स्टँड सांगेल." शेवटी खरं तेच लिहिलं: एजंटाला पाठवलेल्या पैशांचे स्क्रीनशॉट, आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन. ऑपरेशनचे दिवस किती? चार. बाकीच्यांचं काय, यावर दोन संध्याकाळी गेल्या.

मला वाटत होतं, 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरात हायकोर्टाचं सर्किट बेंच बसतंय, एक तासाची वाट, सरळ तिथंच जाऊ. ते म्हणाले, मोटार वाहन कायद्यात कलम 89 चं अपील असताना वर गेलात तर आधी खाली का गेला नाहीत ते विचारतील. आणि रिटला, म्हणजे हायकोर्टात थेट टाकायच्या अर्जाला, दिवसांची मुदत लिहिलेली नाही, म्हणून झोपून उठून कधीही जाता येतं असं नाही. उशिराचा हिशोब तिथंही मागतात. म्हणून मग महालक्ष्मी एक्स्प्रेस, मुंबई, राज्य परिवहन अपील न्यायाधिकरण, म्हणजे परमिटची अपिलं ऐकणारं कोर्ट.

दीड स्टार का कापला? फोन उचलत नाहीत. टायपिंग, झेरॉक्स, नोटरी सगळं वेगळं, आणि आधी सांगत नाहीत. प्रतिज्ञापत्रात अण्णांचं नाव चुकलं, त्यात एक तारीख फुकट गेली. जायचा-यायचा खर्च माझा.

विलंब माफ झाला. मी पेढे घेऊन गेलो तर म्हणाले, "हा दुसरा उशीर. पहिला अजून बाकी आहे." म्हणजे अर्जच 3 महिन्यांनंतर का केला, ते आता अपिलात सांगायचं. सबळ कारण असेल तर उशिराचा अर्जही घेता येतो, असं कायद्यात आहे म्हणे. कारकुनाने नवा फुलस्केप काढला. पेढा मात्र दोघांनीही घेतला.

अण्णांची रिक्षा दारात ताडपत्रीखाली आहे. मी अजून दुसऱ्याचीच चालवतो, दुपारी दोन ते रात्री दहा.