अटकपूर्व जामिनासाठी आम्ही ज्यांच्याकडे गेलो, त्या वकील मॅडमविषयी

बांधावरच्या भांडणात माझ्या धाकट्या भावाने चुलतभावाला खोऱ्याच्या दांड्याने मारलं. त्याच्या मनगटाचं हाड मोडलं. हे आधीच सांगते, कारण मॅडमनी पहिल्या भेटीत भावाच्या तोंडून हेच काढून घेतलं. तो म्हणत होता, "मी त्या वेळी साताऱ्यात होतो असं लिहा." मॅडम म्हणाल्या, "चार मजुरांनी बघितलंय. असलं लिहून मी कोर्टात उभी राहणार नाही, दुसरा वकील बघा." आई तिथेच रडायला लागली. मला मात्र तेव्हाच धीर आला.

फिर्यादीत दांड्याऐवजी कुऱ्हाड होती. कलम लागलं भारतीय न्याय संहितेचं ११८(२), म्हणजे घातक हत्याराने गंभीर दुखापत, जुनं ३२६. अजामीनपात्र, आणि शिक्षा जन्मठेपेपर्यंत. सत्र न्यायालयात अर्ज केला तो नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८२ खाली. गावात अजून सगळे जुन्या कायद्यातलं ४३८ च म्हणतात. एकदा अर्ज पडला की पोलीस हात लावत नाहीत, असंही गावात सांगत होते. तसं अजिबात नसतं. अंतरिम आदेश होईपर्यंत अटक होऊ शकते. म्हणून मॅडमनी अर्जासोबतच अंतरिम संरक्षण मागितलं आणि त्याच दिवशी मिळवलं. तपास अधिकारी बोलावतील तेव्हा हजर राहायचं, ही अट होती. भाऊ दोनदा गेला, दांडा पोलिसांनी पंचनामा करून जप्त केला.

अंतिम सुनावणीला सरकारी वकिलांनी म्हणणं दाखल केलं, सोबत दुखापतीचा दाखला. आमचा पुकारा व्हायला वेळ होता. मॅडम व्हरांड्यातल्या बाकावर बसल्या, एका मांडीवर फिर्याद, दुसऱ्या मांडीवर दाखला. दाखल्यातल्या एका ओळीखाली पेन्सिलीने रेघ ओढून माझ्यापुढे धरली. "ताई, वाचा." लिहिलं होतं, कठीण व बोथट वस्तूने झालेली जखम. मी म्हटलं, "मग सुटलो ना?" त्या म्हणाल्या, "नाही. ते म्हणतील, कुऱ्हाडीच्या तुंब्याने, म्हणजे मागच्या बोथट बाजूने मारलं."

सरकारी वकील अगदी हेच म्हणाले. मॅडम त्या वादात शिरल्याच नाहीत. हत्यार कोणतं ते खटल्यात ठरेल, एवढंच म्हणून त्यांनी विचारलं की वस्तू जप्त आहे, साक्षीदारांचे जबाब झालेत, मागचा एकही गुन्हा नाही, मग कोठडीत घेऊन आणखी काय तपासायचं? दहा मिनिटांत युक्तिवाद संपला. अर्ज मंजूर झाला.

नंतरचंही त्यांनी नीट समजावलं, त्याचं मला फार मोल वाटतं. आदेशात लिहिलेलं असतं, 'अटक झाल्यास जामिनावर सोडावे.' म्हणजे ठाण्यात जाऊन कागदोपत्री अटक दाखवून घ्यायची आणि तिथेच बंधपत्र आणि जामीनदार द्यायचा. हे माहीत नसतं तर 'अटक' शब्द ऐकूनच आई कोसळली असती. हा जामीन किती दिवस टिकतो, तेही विचारलं. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २०२० मध्ये सांगितलंय की त्याला सरसकट मुदत घालायची गरज नाही, साधारणपणे तो खटला संपेपर्यंत राहतो. अट मोडली तर मात्र रद्द होऊ शकतो. म्हणून चुलत्यांच्या घरी समजुतीचं बोलायलासुद्धा जायचं नाही, अशी त्यांनी भावाला ताकीद दिली.

एक तक्रार आहे. फी पंचवीस हजार ठरली होती, ती मॅडमनी एका रुपयाने वाढवली नाही. पण त्यांच्या कारकुनाने नकलेसाठी म्हणून दीड हजार वेगळे घेतले आणि पावती दिली नाही. मी मॅडमना सांगितलं तेव्हा त्यांनी पैसे परत करायला लावले, तरी हे मला सांगावं लागलं याचं वाईट वाटलं. नवीन माणूस तिथे आधीच घाबरलेला असतो, तो कुठून विचारणार?

भाऊ दर रविवारी ठाण्यात हजेरी लावतो. दोषारोपपत्र अजून यायचंय. खटलाही मॅडमनाच द्यायचं आम्ही ठरवलंय.