बोअर-साइटर घ्यावा का? उदगीरच्या दहा मीटर रेंजवरचा अनुभव

फौजेतून हवालदार म्हणून निवृत्त झाल्यावर मी उदगीरला मोंढ्यामागच्या एका जुन्या गोदामात लेकरांना एअर रायफल शिकवायला लागलो. वर पत्रे, चार लेन, टेप लावून मोजलेले दहा मीटर, आणि टार्गेट कार्डांच्या मागं जाड लोखंडी पत्रा. २०२४ साली पॅरिसला स्वप्निल कुसाळेनं ५० मीटर थ्री पोझिशनमध्ये कांस्य आणलं, त्या ऑगस्टपासून आमच्याकडं लेकरांची संख्या दुप्पट झाली. रायफली मात्र तेवढ्याच. एकच रायफल दिवसात सात-आठ हातांतून जाती, आणि हात बदलले की काही ना काही हलतंच.

बोअर-साइटर, म्हणजे नळी आणि साइट जुळवायला नळीत लावायचा लेझर, घ्यायची पाळी आली ती दिवाळीनंतर. दुरुस्तीला पाठवलेली एक रायफल परत आली ती पीप साइट (बारीक भोकातून नेम धरायची मागची साइट) काढून, वेगळ्या पुडीत बांधून. मी पीप बसवली, मळसूत्रं आवळली आणि रायफल नववीतल्या एका पोरीच्या हातात दिली. पहिले अकरा छर्रे कार्डावर आलेच नाहीत. मागच्या पत्र्यावर टणटण वाजत राहिले. पोरगी शहाणी, तालुक्यात नंबर काढलेली. बाराव्याला तिनं रायफल टेबलावर ठेवली आणि म्हणली, "सर, माझा हात बिघडलाय." तिचा हात ठणठणीत होता. बिघडलं होतं ते साइट आणि नळीचं नातं, आणि ते बघायचं काम माझं होतं. रायफल वाकडी असताना लेकराला आपलाच नेम वाईट वाटावा, याचं मला फार वाईट वाटलं. त्याच रात्री ऑनलाइन बोअर-साइटर मागवला.

साडेसोळाशे रुपयांना पडला. खोक्यावर कुठल्या कंपनीचं नाव नाही. आत अंगठ्याएवढा जाड लेझर, त्याला मागून जोडायच्या वेगवेगळ्या जाडीच्या दांड्या आणि दांड्यांवर चढवायची रबरी कडी. पॉइंट १७७ पासून पॉइंट ५० बोअरपर्यंत (नळीच्या आतल्या रुंदीचं माप, इंचात) चालतो असं लिहिलंय. पॉइंट १७७ म्हणजे आपली साडेचार मिलिमीटरची एअर रायफल. सोबत घड्याळाचे असतात तसले बटण सेल आले, त्यातले दोन आल्याआल्याच मेलेले. विक्रेत्याला दोनदा लिहिलं, उत्तर नाही. चौकातल्या घड्याळवाल्याकडून साठ रुपयांत नवे घेतले आणि विषय सोडला.

ज्यांनी हे यंत्र पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगतो. दांडी नळीच्या तोंडात बसते, लेझर बाहेर राहतो. नळी जिकडं बघती तिकडं लाल ठिपका पडतो. मग साइटमधून बघून, साइट आणि नळी एकाच ठिकाणाकडं बघतात का ते जुळवायचं. फौजेत आम्ही झिरोइंग करायचो तेव्हा पाच गोळ्या मारायच्या, ग्रुप, म्हणजे गोळ्यांच्या भोकांचा झुबका, कुठं बसला ते बघायचं आणि साइट हलवायची. बोअर-साइटर त्याच्या आधीची पायरी आहे. पहिली गोळी कागदावर पडावी एवढंच त्याचं काम.

आता मुद्द्याची गोष्ट. लेझर दांडीत सरळ बसलाय हे गृहीत धरू नका. मी धरलं असतं तर रायफल आणखी वाकडी करून ठेवली असती.

पहिल्या संध्याकाळी सगळी लेकरं मागं बसवली. रायफल शिकंजात धरली. जबड्यांना सायकलची जुनी ट्यूब गुंडाळली, म्हणजे ओरखडे पडत नाहीत. एका मोठ्या आलेखाच्या कागदाच्या बरोबर मधोमध टार्गेट कार्ड चिकटवलं आणि कागद लेनवर लावला. ठिपका कुठं पडतोय ते बघायला कार्डाजवळ कुणाला उभं केलं नाही. नळीसमोर माणूस नाही म्हणजे नाही, आत छर्रा नसला तरी आणि नुसता लेझर असला तरी. त्याच पोरीला दुर्बिणीवर बसवलं. पीपमधून बघत शिकंजा हलवला, कार्डावरचा काळा गोल बरोबर पुढच्या साइटच्या कड्यात आणला आणि शिकंजा आवळला. मग लेझर लावला.

"सर, उजवीकडं चोपन्न, खाली चौतीस," ती म्हणली. मिलिमीटरमध्ये, कार्डाच्या मध्यापासून.

रायफलीला हात न लावता मी फक्त लेझर पाव फेरा फिरवला.

"सर, ठिपका हलायलाय! उजवीकडं अठ्ठावीस, खाली साठ."

आणखी पाव फेरा, उजवीकडं दोन, खाली चौतीस. आणखी एक, उजवीकडं अठ्ठावीस, आणि आता मध्याच्या खाली फक्त आठ. रायफल जागची हललेली नाही आणि ठिपक्यानं कागदावर गोल काढला, बावन्न मिलिमीटर रुंदीचा! याचा अर्थ लेझर दांडीत तिरपा बसवलेला होता. पण घाबरायचं कारण नाही. समोरासमोरच्या दोन आकड्यांचा मध्य काढायचा. चोपन्न आणि दोन यांचा मध्य अठ्ठावीस. खाली आठ आणि खाली साठ यांचा मध्य खाली चौतीस. नळी खरोखर बघत होती ती जागा ही: अठ्ठावीस उजवीकडं, चौतीस खाली. त्या पोरीनं वहीत चारही ठिपके मांडून, रेघा मारून मध्य काढला आणि मला दाखवला. भूमितीच्या पेपरला तिला हे कुणी विचारणार नाही, पण तिला ते कायमचं कळलं.

हे आकडे अकरा चुकलेल्या छर्ऱ्यांशी जुळतात का तेही आम्ही तपासलं. लेझरचा किरण सरळ जातो, छर्रा मात्र पडत जातो. मॅच एअर रायफलचा छर्रा साधारण सेकंदाला १७० मीटर वेगानं निघतो. दहा मीटर जायला त्याला ०.०६ सेकंद लागतात, आणि तेवढ्यात तो सुमारे १७ मिलिमीटर खाली येतो. म्हणजे नळी चौतीस खाली बघत असेल तर छर्रा एक्कावन्न खाली लागणार. कार्ड ८० मिलिमीटरचं, मध्यापासून खालची कड चाळीसवर. छर्रे कडेच्या खालून पत्र्यावर जात होते, बरोबर हिशेबाप्रमाणं. पोरीच्या चेहऱ्यावरचं ओझं उतरलेलं मला तिथंच दिसलं.

या १७ मिलिमीटरचा विचार लेझरसोबत आलेल्या कागदात कुठंच नाही. तो सांगतो, ठिपका आणि नेम एकावर एक आणा, झालं. दहा मीटरच्या कार्डावर कडी अडीच-अडीच मिलिमीटरवर आहेत आणि दहाचा ठिपका अर्ध्या मिलिमीटरचा. नुसता ठिपका जुळवून मारलं तर सगळं बरोबर असूनही छर्रा जवळपास सात कडी खाली, तीन-चार गुणांत. म्हणून आम्ही कार्डाच्या मध्यापासून १७ मिलिमीटर वर पेन्सिलीनं फुली मारतो. लेझरच्या गोलाचा मध्य त्या फुलीवर येईल असा शिकंजा लावतो, आणि मग नळी न हलवता पीपच्या घुंड्या फिरवून काळा गोल कड्यात आणतो. साइट नळीपासून किती उंच आहे याचा हिशेब वेगळा करावा लागत नाही, दहा मीटरवर दोघांची गाठ घालून दिली की पुरे.

त्या संध्याकाळी तसं केलं, लेझर काढला, आणि पोरीनं पाच छर्रे मारले. पाचही कार्डावर, एकमेकांना चिकटून, पण मध्याच्या सात मिलिमीटर वर. वर का? मी परत लेझर बसवला आणि त्याच्या बुडाखाली करंगळी लावून हलकंच उचललं. ठिपका कागदावर बोटभर वर चढला. साडेचार मिलिमीटरची दांडी म्हणजे उदबत्तीच्या काडीपेक्षा जरा जाड, आणि तिच्या टोकाला पितळी लेझरचं वजन लोंबकळतंय. दांडी वाकते, ठिपका खाली पडतो, आपण नळी नको तितकी वर उचलतो. लेझर फिरवून मध्य काढला तरी ही चूक निघत नाही, कारण वजन प्रत्येक वेळी खालीच ओढतं. एअर रायफलवर म्हणून मी याच्या डाव्या-उजव्यावर भरवसा ठेवतो, वर-खालीवर नाही. वर-खाली छर्ऱ्यानंच ठरवायचं. घुंडी फिरवली, आणखी पाच मारले, ग्रुप मध्यावर. एकूण दहा छर्रे. आधी अशी रायफल जागेवर आणायला तीस-चाळीस जायचे, आणि एका लेकराची अख्खी दुपार.

दिवसा याचा उपयोग नाही म्हटलं तरी चालेल. दुपारी आमच्या पत्र्याच्या फटीतून ऊन येतं आणि ठिपका पांढऱ्या कागदावर दिसेनासा होतो. सकाळी सहाला किंवा दिवेलागणीला करा. लाइट गेलेली असली तर उत्तम. ठिपका दहा मीटरवर ज्वारीच्या दाण्याएवढा दिसतो, कडा अस्पष्ट, तेव्हा मध्य अंदाजानंच धरावा लागतो. डोळ्यात मात्र तो जाता कामा नये. लेकरांना मी पहिल्याच दिवशी सांगितलं, लेझर लागलाय तोवर शिकंजाच्या पुढं कुणी यायचं नाही.

माझ्याकडं परवान्याची ३१५ बोअरची रायफल आहे, इशापूरची. तिच्यावरही बघितलं. जाड दांडी घट्ट बसली, लोंबकळणं जवळपास नाही. पण तिला खरं तर याची गरजच नाही. तिची रचना ली-एनफील्डसारखी. बोल्ट पूर्ण बाहेर काढायचा, रायफल वाळूच्या पोत्यांत पक्की बसवायची आणि मागून नळीतून बघायचं. नळीच्या गोलात २५ मीटरवरचं टार्गेट मधोमध आणायचं, मग न हलवता साइटमधून बघायचं. फौजेतल्या आमच्या आर्मोररनं, म्हणजे हत्यारं दुरुस्त करणाऱ्यानं, हे शिकवलं तेव्हा कुणाकडं लेझर नव्हता. मी दोन्ही करून बघितलं. लेझर न फिरवता घेतलेला ठिपका आणि नळीतून बघितलेली जागा यांत चार बोटांचं अंतर. पुढं परवानगीच्या मोठ्या रेंजवर गोळ्या मारल्या तेव्हा डोळा खरा निघाला. ज्यांच्या रायफलीचा बोल्ट निघतो त्यांनी पैसे वाचवावेत.

एअर रायफलमध्ये हे जमत नाही. मधोमध मोडणाऱ्या साध्या एअरगनची नळी उघडून आत बघता येतं, पण उघडली की ती साइटच्या रेषेतच राहत नाही. सिलिंडरवाल्या रायफलीत मागून बघायला वाट नसते. तिथं हा लेझर कामाचा आहे. बँकेत गार्ड असलेला माझा एक जुना सोबती विचारत होता, त्याच्या दुनळी बारा बोअरला चालेल का. नाही. बारा बोअरची नळी साडेअठरा मिलिमीटरची, आणि या खोक्यातली सगळ्यात जाड दांडी पॉइंट ५० ची, म्हणजे १२.७ मिलिमीटर. शिवाय छर्ऱ्यांच्या काडतुसाला असली बारीक जुळणी लागतही नाही.

सगळ्यात मोठी तक्रार राहिली. लेझर नळीत विसरून चाप ओढला तर एअर रायफलचं नुकसान होईल, पण ३१५ सारख्या रायफलीची नळी फुटेल आणि जवळचा माणूस जिवाला मुकेल. ही गोष्ट कागदावर मोठ्या लाल अक्षरांत हवी. ती शेवटच्या ओळीत, मुंगीएवढ्या इंग्रजी अक्षरांत आहे. हे मला अजिबात पटलेलं नाही. एरवी रायफल भरलेली नाही हे दाखवायला आम्ही नळीत नारिंगी दोरी ठेवतो, पण लेझर बसवताना तीच काढावी लागते. म्हणून मी लेझरला हातभर लाल फडकं बांधलंय, ते नळीच्या तोंडाखाली लोंबतं आणि गोदामाच्या दारातूनही दिसतं. लेझर लागलेला असताना छर्ऱ्यांची डबी माझ्या खिशात. लेझर निघाला की काढणारा मोठ्यानं "बाहेर!" म्हणतो आणि दुसऱ्या कुणीतरी तो हातात घेऊन दाखवल्याशिवाय डबी टेबलावर येत नाही. दांडी आत घालतानाही घाई नको. नळीच्या तोंडाची कड दुखावली की ग्रुप फाकतो, आणि ते कुठल्याच घुंडीनं दुरुस्त होत नाही.

पाचपैकी साडेतीन तारे देतो. दीड कापला तो मेलेल्या सेलांसाठी, तिरप्या लेझरसाठी आणि त्या मुंगीएवढ्या अक्षरांसाठी. क्लब चालवत असाल, रायफली हातोहात फिरत असतील, तर घ्या, पण सोबत आलेखाचा कागद आणि जवळच्या अंतरावर स्पष्ट दिसणारी दुर्बीण हवीच. घरी एकच एअर रायफल असेल आणि साइट कुणी हलवत नसेल तर नको.

आता ते यंत्र त्या पोरीच्याच ताब्यात असतं. दर पंधरा दिवसांनी शनिवारी संध्याकाळी ती चारही रायफली तपासते, आकडे वहीत लिहिते, आणि कुठल्या रायफलीचे आकडे सरकले ते सोमवारी मला सांगते.