झडीच्या भिंतीला काय लावायचं: झाप, ताडपत्री, पत्रा की रंग?

जुलैत नैऋत्येचा वारा भरला की कोकणात पाऊस वरून कमी आणि आडवा जास्त येतो; हीच झड. घराची पश्चिम-दक्षिण बाजू दिवसेंदिवस भिजत राहते. मग आतून पोपडे सुटतात, कपाटामागे बुरशी धरते आणि दर मे महिन्यात तोच प्रश्न येतो: यंदा भिंतीला काय करायचं?

खर्च करण्याआधी ओल नीट बघा. जमिनीपासून दोन-तीन फुटांपर्यंत सलग पट्टा चढलेला असेल, तर पाणी पायातून वर येतंय. त्याला बाहेरून काहीही लावलंत तरी फरक पडणार नाही. झडीची ओल वेगळी असते. ती खिडकीच्या कोपऱ्यापाशी, तड्यांच्या रेषेत, डागाडागांनी उमटते, जोराच्या पावसानंतर वाढते आणि चांगली उघडीप मिळाली की उतरते. खालची तुलना या दुसऱ्या ओलीसाठी आहे.

चुडतांचे, म्हणजे माडाच्या झावळ्यांचे, झाप अजूनही वाईट नाहीत. चुडतं भिजवून विणायची, बांबूच्या कामट्यांवर खालून वर बांधत जायचं, म्हणजे वरच्या झापाचं पाणी खालच्यावर ओघळतं. भिंतीला वारा लागत राहतो. स्वतःची माडाची बाग आणि विणणारा माणूस असेल तर यासारखं स्वस्त काही नाही. पण हे काम दरवर्षीचं, आणि हल्ली विणणारा मिळणंच कठीण.

ताडपत्री सगळ्यात सोपी, म्हणून सगळ्यात जास्त दिसते. निळी ताडपत्री भिंतीला घट्ट आवळून बांधली की बाहेरचं पाणी थांबतं, पण भिंतीत आधीच मुरलेली ओल आत कोंडते. गणपतीत ती सोडून बघा, मागे हिरवट थर हमखास सापडतो. बांधायचीच तर वाशांवर, भिंतीपासून चार बोटं सुटी बांधा. शिवाय वाऱ्याने तिच्या कड्या फाटतात आणि रात्रभर फडफड ऐकावी लागते ती वेगळीच.

पत्रा महाग, पण झड थेट बसत असेल तर माझं मत पत्र्यालाच. चौकोनी पाइपची चौकट, त्यावर रंगीत पत्रा, मागे किमान इंचभर पोकळी, आणि ती पोकळी खाली-वर उघडी. वरची कड पागोळीच्या आत गेलीच पाहिजे, नाहीतर पाणी मागून उतरतं. फॅब्रिकेटर इथेच घाई करतात, तेव्हा उभे राहून करून घ्या. समुद्राजवळ खारा वारा आधी स्क्रू आणि कापलेल्या कडा खातो. तिथे रबरी वॉशरचे चांगले स्क्रू वापरा आणि कडांना रंग मारा. पत्रा लावल्यावर घराची शोभा जाते, हे मात्र खरं.

इलॅस्टोमेरिक रंग दिसायला सर्वांत देखणा. तो रबरासारखा ताणतो, त्यामुळे केसासारखे तडे झाकले जातात. पण मोठी भेग आधी कोरून भरावी लागते, आणि नवा गिलावा असेल तर तो साधारण 28 दिवस मुरू द्यावा लागतो. ओल्या भिंतीवर मारलात तर पहिल्याच पावसात फुगे. छपराची पागोळी दीड-दोन फूट पुढे असेल, तर गिलावा केलेल्या भिंतीला एवढा रंग पुरतो. उघड्या चिऱ्याच्या, म्हणजे जांभ्या दगडाच्या, भिंतीवर मी तो मारणार नाही. जांभा सच्छिद्र, एकदा पाणी शिरलं की त्याला बाहेर पडायला वाट हवी.

अमेरिकेतले नातेवाईक टायवेकसारखं हाउस रॅप सुचवतात. ते लाकडी चौकटीच्या घरांसाठी, सायडिंगखाली, म्हणजे भिंतीवर बाहेरून ठोकलेल्या फळ्यांखाली, झाकून टाकायचं आवरण आहे. उन्हापावसात वर्षानुवर्षं उघडं ठेवायला बनवलेलं नाही. चिऱ्यावर नुसतं ठोकून काही साधणार नाही. त्यातली युक्ती मात्र उचलण्यासारखी: पाणी अडवायचं, वाफ जाऊ द्यायची. पोकळी ठेवून लावलेला पत्रा आपल्याकडे जवळपास तेच काम करतो.

वेळेचं गणित असं: रंगाला भिंत खडखडीत कोरडी लागते, तेव्हा ते काम फेब्रुवारी ते एप्रिलमध्ये उरका. पत्र्याचं मेमध्येही होतं, पण फॅब्रिकेटरला एप्रिलातच सांगून ठेवा. मिरगाच्या तोंडावर तो फोन उचलत नाही.