शब्द बदलावा की वाक्य नव्याने मांडावं?

प्रबंधाची प्रकरणं तपासायला येतात तेव्हा एक प्रश्न हमखास विचारला जातो: संदर्भातला मजकूर आपल्या शब्दांत लिहायचाय, तर नुसते समानार्थी शब्द घातले तर भागेल का, की सगळं नव्याने लिहावं लागेल?

समानार्थी शब्द घालणं सोपं वाटतं, पण मराठीत ते तितकं सोपं नाही. 'अंगणातलं जुनं झाड वाऱ्याने पडलं' हे वाक्य घ्या. 'झाड'च्या जागी 'वृक्ष' घातला की नपुंसकलिंगाचं पुल्लिंग होतं आणि 'अंगणातला जुना वृक्ष वाऱ्याने पडला' असा चार ठिकाणी हात फिरवावा लागतो. घाईत 'जुनं वृक्ष पडलं' तसंच राहून जातं. शिवाय वृक्षतोड, वृक्षारोपण इथे शोभणारा शब्द घरच्या अंगणात उपरा वाटतो. वाक्प्रचारांना तर हात लावूच नये. दुपारी जरा 'डोळा लागला', तो 'नेत्र लागला' होत नाही. कुणाची 'वाट पाहिली', तर 'मार्ग पाहिला' म्हणता येत नाही. पाणी आणि जल एकच, तरी नगरपालिका पाणीपट्टी घेते आणि शिवारात जलसंधारण होतं.

आता हे वाक्य बघा: 'गेल्या तीन वर्षांत पाऊस कमी झाल्यामुळे गावातल्या विहिरी लवकर आटू लागल्या.' शब्दाला शब्द ठेवला तर हाती येतं: 'मागील तीन वर्षांत पर्जन्य अल्प झाल्याने ग्रामातील कूप शीघ्र शुष्क होऊ लागले.' सांगाडा जसाच्या तसा, फक्त वाक्यातला जीव गेला. तेच नव्याने मांडलं तर: 'गावातल्या विहिरींचं पाणी आता पूर्वीइतकं टिकत नाही, कारण गेली तीन वर्षं पाऊसच पुरेसा झालेला नाही.' हे लिहिणाऱ्याला मुद्दा कळलाय, हे लगेच दिसतं.

नव्याने मांडायला वेळ लागतो, हे खरं. मूळ पान वाचायचं, मिटायचं, कुणाला तरी समजावून सांगतोय असं लिहायचं आणि मग मुळाशी ताडून बघायचं. ही शेवटची पायरी गाळू नका. 'काही गावांत'चं 'गावोगावी' कधी झालं ते कळतही नाही.

संशोधकांना मी दुसराच मार्ग सुचवते. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८ च्या नियमांनुसार दुसऱ्यांच्या मजकुराशी १० टक्क्यांपर्यंतच्या साम्याला दंड नाही. ६० टक्क्यांच्या वर गेलं तर विद्यार्थ्याची त्या अभ्यासक्रमाची नोंदणीच रद्द होते. या धास्तीने शब्द बदलून आकडा खाली आणायचा मोह होतो. पण विचार दुसऱ्याचा असेल तर वाक्य कितीही बदललं तरी संदर्भ द्यावाच लागतो. आणि मूळ वाक्यच नेमकं असेल, तर ते अवतरणात जसंच्या तसं घेणं सगळ्यात उत्तम.

शब्दबदल खरा उपयोगी पडतो तो आपल्याच मजकुरात. एका परिच्छेदात 'महत्त्वाचा' चारदा आला असेल, तर एकदा 'मोलाचा' करा, एकदा सरळ काढून टाका.

कायद्याच्या कागदांत मात्र यातलं काहीच करू नये. सातबाऱ्यावरच्या 'भोगवटादार वर्ग २'ला कुणी 'मालक' लिहिलं, तर ती जमीन विकायला परवानगी लागते हेच वाचणाऱ्याच्या नजरेतून सुटतं. तिथे 'भोगवटादार' पाच वेळा आला, तर पाचही वेळा तसाच राहू द्या.