डिमेलोच्या प्रेतासाठी तरी ही डीव्हीडी घ्या

मडगावातल्या एका जुन्या दुकानात 'जाने भी दो यारो'ची डीव्हीडी १९९ रुपयांना मिळाली. चित्र स्वच्छ आहे. आवाज मात्र मधेच बसतो, शेवटच्या महाभारताच्या नाटकातल्या गोंधळात तर रिमोट हातातच ठेवावा लागतो. तरीही पैसे वसूल.

मी ती घेतली सतीश शाह यांच्यासाठी. आमच्या फोंड्याकडच्या जत्रेतल्या नाटकांत मी वर्षानुवर्षं विनोदी पात्रं करत आलोय. रंगमंचावर मेलेलं पडून राहणं किती कठीण असतं ते विचारा मला! पोट हलतं, पापणी लवते, कुणी काखेत हात घालून उचललं की अंग आपसूक सावरतं. कमिशनर डिमेलो मेल्यावर शाह यांचं अंग सावरत नाही. दारूच्या नशेत ओम पुरी शवपेटीलाच मोटार समजतो, आतल्या 'ड्रायव्हर'शी बोलतो, तिला ओढून नेतो. तो प्रसंग दोनदा बघा, दुसऱ्यांदा फक्त प्रेताकडे. चेहरा कोरा, म्हणून ओम पुरीचं वाक्यन् वाक्य लागू पडतं. शेवटच्या नाटकात प्रेताला द्रौपदी करून उभं केलं तरी तेच. हशा समोरच्याच्या पदरात टाकायचा, आपण हलायचं नाही, याला फार मोठं मन लागतं.

आणि डिमेलोच्या नावाचा तो पूल! सिनेमा १९८३चा. जुलै १९८६ मध्ये आमचा मांडवीवरचा पूल कोसळला. ज्यांनी त्यानंतर पणजीला जायला फेरीबोटीची वाट पाहिली, त्यांना सिनेमातला पूल पडताना नुसतं हसू येत नाही.

सिनेमाच्या पुढच्याच वर्षी, १९८४ मध्ये, दूरदर्शनवर 'ये जो है ज़िंदगी' ही मालिका आली. तिथे दर भागात शाह नवा माणूस. मराठीत 'गंमत जंमत'मधला इन्स्पेक्टर त्यांचाच. २००४ मध्ये 'मैं हूँ ना'तला थुंकी उडवणारा प्राध्यापक आणि 'साराभाई' मालिकेतला इंद्रवदन एकाच वर्षी. पुष्कळांना तो प्राध्यापकच आठवतो, याचं मला वाईट वाटतं. इंद्रवदन बायकोला चिडवतो तेव्हा डोळ्यांत जे प्रेम दिसतं, ते लिहून देता येत नाही.

२५ ऑक्टोबर २०२५ रोजी शाह गेले, ७४ व्या वर्षी. आमच्या नाटकमंडळीतल्या पोरांना ही डीव्हीडी तालमीआधी दाखवणार आहे.